पाळण्यात न गेलेला हात

माझ्या नाकावर राग असतो असं सगळे म्हणतात. असू दे. ताईबद्दल सांगायचं तर आधी तो रागच सांगावा लागेल, कारण ताई स्वतः कधी रागावत नसे. फार तर रुसायची, तेही घरातल्या घरात. तिच्या वाट्याचा रागसुद्धा मीच करायचे. वडील लवकर गेले. ताई मोठी, म्हणून ती डब्यांच्या कारखान्यात लागली. मी धाकटी, म्हणून घरी शिवणयंत्रावर बसले. आई आम्हा दोघींच्या मध्ये, जेवताना आणि भांडतानाही.

ताई झाकणं काढायची. पत्र्याचे डबे असतात ना, त्यांची गोल झाकणं. तिच्यासमोर तिच्याहून उंच लोखंडी प्रेस. पत्र्याचा तुकडा साच्यावर ठेवायचा, दोन हातांनी दोन बटणं दाबायची, की वरचं वजन धाडकन खाली येतं आणि झाकण तयार. दोन बटणं कशाला, तर दोन्ही हात बटणांवर असले की साच्यात एकही हात राहत नाही. ज्याने कुणी हे शोधलं त्याचं डोकं ठिकाणावर होतं. पण कारखान्याला घाई. म्हणून एका बटणात लाकडाची खुंटी ठोकायची आणि ते कायमचं दाबून ठेवायचं. मग एका हाताने दुसरं बटण, उरलेल्या हाताने पत्रा, आणि झाकणं दुप्पट. ही खुंटी बायकांनी चोरून लावलेली नव्हती, हे आधीच सांगून ठेवते. कारखान्याचा सुतार त्या तासून द्यायचा आणि मुकादम रोज सकाळी प्रसाद वाटावा तशा वाटायचा. या मुकादमाला सदा शिट्टी वाजवायची सवय, म्हणून सगळ्या बायका त्याला शिट्टी म्हणत. तपासणीला कुणी आलं की शिट्टी सगळ्या खुंट्या गोळा करून खिशात टाकायचा आणि पाहुण्यांना चहा पाजायचा.

फाटकाशी एक भली मोठी पाटी होती. ‘या कारखान्यात अपघाताविना गेलेले दिवस’, आणि पुढे आकडा. चार आकडी. रोज सकाळी रखवालदार एक पत्रा काढून दुसरा अडकवायचा. तो आकडा कधी खाली आलाच नाही. ताईला त्याचा केवढा अभिमान. आईला सांगायची, ‘आमच्याकडे एकाचंही बोट गेलेलं नाही आजवर.’ आई म्हणायची, ‘दृष्ट नको लागायला.’

आता पाळण्याचं सांगते. प्रेसच्या शेडमागे एक खोली आहे. लोखंडी दार. आत माणूस आडवा मावेल असा पितळेचा लांबडा टब, त्याला झाकण, शेजारी एक मोठं हातचाक. टबाखाली शिशाच्या पेटीत मुठीएवढा काळा दगड. त्याला उजेड नाही, आवाज नाही, नुसता गारवा. ऐन उन्हाळ्यातही त्या खोलीच्या भिंतींवर पांढरं हिम धरलेलं असतं. शिकलेले लोक त्या गारव्याला काहीतरी लांबलचक नाव देतात. दगड ज्या खाणीत सापडला तिथे घड्याळं चालायची बंद झाली होती, असंही सांगतात. मला त्यातलं डोंबल कळत नाही. मला एवढं ठाऊक आहे की टबात काही ठेवून चाक उलटं फिरवलं की तो गारवा त्याचा काळ ओढून घेतो आणि ती वस्तू पूर्वी होती तशी होते. फुटलेला कप सांधला जातो. चेचलेला हात धड होतो. कुठल्याशा प्रयोगशाळेने मोडीत काढलेलं हे यंत्र कारखान्याच्या मालकांनी, म्हणजे साहेबांनी, उचलून आणलं आणि प्रथमोपचार म्हणून बसवलं. बायका त्याला पाळणा म्हणायला लागल्या.

पण हात मागे जातो तेव्हा एकटा जात नाही. अख्खं माणूस जातं, डोक्यासकट. आदल्या आठवड्यातला हात परत मिळाला की डोकंही आदल्या आठवड्यातलंच मिळतं, मधलं सगळं पुसून. आणि आठवडा म्हणायला. चाकाचे दाते झिजलेले. घसरलं की आठवड्याचा महिना होतो. ते चाक फिरवणारा माणूस, चाकवाला, म्हणायचा, कमी पडण्यापेक्षा चार दिवस जास्त गेलेले बरे. दिवस तुझे जात नव्हते ना मेल्या, म्हणून बरे.

सगळ्यात संताप आणणारी गोष्ट तर वेगळीच. एकदा बोट चेचलेली बाई जन्मभर साच्याला वचकून असते. तिचा हात आपसूक मागे येतो. पाळणा तो वचकही काढून घेतो. बाई बाहेर येते ती पहिल्यासारखीच बिनधास्त, आणि दुसऱ्या दिवशी त्याच प्रेसवर, त्याच खुंटीपुढे बसते.

हे सगळं मला मागाहून कळलं. आधी कळलं ते ताईच्या दातावरून.

झालं असं की ताईचा एक जुना कोट मी तिला न विचारता कापला आणि आईला आतून घालायला जाकीट शिवलं. ताईने अबोला धरला. शब्दाने बोलेना. पण आईला ते जाकीट इतकं आवडलं की पुढे ताईच हसली आणि भांडण मिटलं. त्याच सुमारास तिची दाढ दुखत होती, ती दातांच्या डॉक्टरांकडे जाऊन काढून आली. मग एक दिवस संध्याकाळी ताई कामावरून आली, गालाला हात लावलेला, माझ्याकडे बघेना. मी म्हटलं, ‘काय झालं?’ तर म्हणते, ‘माझा कोट कापताना हात कसा नाही गं थरथरला तुझा?’

मला वाटलं चेष्टा करतेय. मी हसले. ती भडकली. मिटलेलं भांडण तिने पुन्हा पहिल्यापासून मांडलं, तेच शब्द, तेच टोमणे, आणि वर दाढेची कळ. आई तिथेच ते जाकीट घालून बसलेली. ताई तिच्याकडे बघून म्हणाली, ‘घातलंससुद्धा? म्हणजे तूही हिच्यात सामील?’ आई बिचारी एकदा तिच्याकडे बघे, एकदा माझ्याकडे. कारखान्यातून निरोप एवढाच होता की हिला उन्हाने चक्कर आली होती, दोन दिवस विसरल्यासारखं होईल.

दुसऱ्या दिवशी मी तिला दातांच्या डॉक्टरांकडे ओढत नेलं. त्यांनी तोंडात आरसा घातला आणि तसेच थांबले. म्हणाले, ‘बाई, ही दाढ मी काढलीय. इथे खड्डा असायला हवा.’ ताई म्हणाली, ‘मी तुमच्याकडे आयुष्यात पहिल्यांदा येतेय.’ डॉक्टरांनी पुन्हा आत पाहिलं. मग मला बाजूला घेऊन विचारलं, यांना जुळी बहीण आहे का. शेवटी त्यांनी तीच दाढ दुसऱ्यांदा काढली. एका दाढेसाठी दोनदा भूल घेणारी बाई जगात माझी ताई एकटीच असेल, असं मला तेव्हा वाटलं. तसं नव्हतं. त्या शेडमध्ये असल्या कितीतरी होत्या.

मी तडक मावशीकडे गेले. मावशी म्हणजे ताईच्या शेजारच्या प्रेसवरची म्हातारी बाई. नात्याने कुणाची नाही, पण अख्ख्या शेडची मावशी. आमच्या मागच्या गल्लीत राहायची. मी दारातच विचारलं, ‘ताईला काय झालंय?’ मावशीने आधी मिठाची गुळणी धरली. मी हलले नाही तेव्हा हळूहळू सगळं सांगितलं. ताईचा डावा हात साच्यात आला होता. पाळण्यात घालायचं का म्हणून विचारलं तेव्हा ताई ओरडतच हो म्हणाली होती. त्या क्षणी कोण नाही म्हणेल?

‘आणि तुम्ही कुणी आम्हाला कळवलं नाही?’

‘आमच्यात रीत आहे बाई,’ मावशी म्हणाली. ‘पाळण्यातून आलेलीला कुणी काही बोलायचं नाही. तिच्या घरीही नाही. आपला हात चेचला होता हे कुणाला ऐकायचं असतं? झोपेल का ती मग? पोटाला तर काम करायचंच आहे.’

‘मावशी, तुम्ही किती वेळा गेलात?’

मावशीने स्वतःच्या हातांकडे पाहिलं. ‘मला कोण सांगणार?’ ती म्हणाली. ‘सगळ्यांना रीत माहीत आहे.’

माझी तळपायाची आग मस्तकात गेली. मी घरी येऊन ताईला सगळं सांगून टाकलं. मला रीतबीत काही नाही. ताईने शांतपणे ऐकलं, मग दोन्ही हात माझ्यापुढे धरून दहाही बोटं नाचवून दाखवली. ‘यातलं कुठलं तुटलं होतं?’ म्हणाली. मी काय दाखवणार? पाळण्याची खरी हुशारी तीच. पुरावाच धड करून टाकतो. ‘दाढ?’ मी म्हटलं. ‘त्या डॉक्टरने आधी कुणा दुसरीची काढली असेल,’ ताई म्हणाली, ‘त्याला माणसांची तोंडं कुठे लक्षात राहतात.’ आणि दुसऱ्या दिवशी डबा घेऊन कामावर गेली.

मग आई आजारी पडली. छातीत कफ साठायचा, बोलताना दम लागायचा. ताईने रजा टाकली आणि आईच्या उशाशी बसली. मी शिवण उघडलंच नाही. आई त्यातून उठणार नाही हे आम्हा दोघींना कळत होतं, पण एकमेकींना म्हणालो नाही.

त्या दिवशी दुपारी आईने मला पाणी गरम करायला आत पाठवलं आणि ताईला म्हणाली, ‘दार लोटून घे.’ मी स्वयंपाकघरातून पाहिलं, दार लागलं. पाणी उकळलं, निवलं, तरी उघडलं नाही. आतून आईचा आवाज येत होता, थांबत थांबत, पण शब्द कळत नव्हते. मधेच ताई हसल्याचं ऐकू आलं. दार उघडलं तेव्हा ताईचे डोळे लाल होते. आईला झोप लागली होती. त्या झोपेतून ती उठलीच नाही.

पुढे सगळे पांगल्यावर मी ताईला विचारलं, ‘आई काय म्हणाली तुला?’ ताई म्हणाली, ‘सांगते. तुझ्याबद्दलही आहे त्यात. पण आत्ता नको गं, आत्ता मला बोलवणार नाही.’ मी म्हटलं बरं. घाई कसली होती? बहीण माझीच, घर एकच. ताई परत कामावर जायला लागली. रात्री आईच्या खाटेवर झोपायची. पुढेपुढे जरा जेवायला लागली.

अशीच एक संध्याकाळ. मी एका गिऱ्हाइकाच्या बाह्या जोडत होते. दारात ताईच्या चपला वाजल्या. ती आत आली, हातात औषधाच्या दुकानाची पुडी, आणि आतल्या खोलीकडे तोंड करून म्हणाली, ‘आई, तुझं कफाचं औषध मिळालं गं. आज दुकान उघडं होतं.’

माझा पाय यंत्रावरच राहिला. सुई नुसती खाली-वर, खाली-वर, कापड एका जागी गोळा झालं. ताई आत गेली. खाट रिकामी, त्यावर तिचंच पांघरूण. ती बाहेर येऊन मला म्हणाली, ‘आई कुठे गेली? तिला असं फिरायला का जाऊ दिलंस?’

मला सांगावं लागलं. तुम्ही कधी एकाच माणसाला त्याची आई गेल्याचं दुसऱ्यांदा सांगितलंय का? पहिल्यांदा सांगावं तरी कुठे लागलं होतं, ती तर उशाशीच होती. आता मी दारात उभी राहून बातमी द्यावी तसं सांगितलं. ताईने पुडी माझ्या अंगावर फेकली आणि मला खोटारडी म्हणाली. मग तिने आईच्या चपला शोधल्या. त्या आम्ही देऊन टाकल्या होत्या. मग ती खाली बसली. जन्मात ऐकला नव्हता असा आवाज तिच्या तोंडून आला, आणि मी तिला धरून बसले आणि मनात चाकवाल्याला, शिट्टीला, साहेबांना, त्या काळ्या दगडाला आणि औषधाच्या दुकानदाराला शिव्या घालत राहिले. दुकानदाराचा काय दोष? पण माझा राग असा निवडून येत नाही.

रडणं ओसरल्यावर माझ्या डोक्यात वीज चमकली. लोटलेलं दार. आई जे काही बोलली ते फक्त ताईने ऐकलं होतं. ताई ‘सांगते’ म्हणाली होती. आता तिला विचारलं तर ती माझ्याकडे कोऱ्या डोळ्यांनी बघणार. मी तरीही विचारलं. तिने तसंच बघितलं.

आईचं शेवटचं बोलणं त्या टबात गेलं. ते आता कुणाकडेच नाही. कुणाचा हात धड राहावा म्हणून नाही गेलं, फाटकावरचा आकडा धड राहावा म्हणून गेलं. हे मी मरेपर्यंत विसरणार नाही आणि माफही करणार नाही.

मावशीच्या घरी जाऊन मी वाट्टेल ते बोलले. ‘ती औषध घ्यायला निघाली तेव्हा तुम्ही तिच्या सोबत फाटकापर्यंत आलात ना? तुम्हाला माहीत होतं ना तिची आई गेलीय? तुम्ही तर आमच्या घरी येऊन बसला होतात.’ मावशी म्हणाली, ‘माहीत होतं.’ तिचं तोंड पार उतरलं होतं, पण मला दया आली नाही.

या वेळी ताईने माझं सगळं खरं मानलं. मानण्यावाचून गत्यंतर नव्हतं, खाट रिकामी होती. आम्ही दोघी साहेबांकडे गेलो. साहेब तसे बोलायला गोड. खुर्च्या दिल्या. ताईने सांगितलं, ‘खुंट्या बंद करा, साच्यापुढे जाळी बसवा. माझा हात दोनदा गेलाय.’

साहेब म्हणाले, ‘कुठला हात?’

ताईने डावा हात पुढे केला. साहेबांनी तो पाहिला, अगदी नीट पाहिला, दागिना पारखावा तसा. ‘हा तर उत्तम आहे,’ म्हणाले. ‘बाई, अपघात म्हणजे इजा. इजा कुठे आहे? जाळी बसवली तर प्रेसचा वेग निम्मा होईल. न झालेल्या अपघातासाठी मी कारखाना निम्मा करू?’

‘माझी आई गेलेली मला आठवत नाही,’ ताई म्हणाली.

‘वाईट वाटलं ऐकून,’ साहेब म्हणाले. ‘पण असं बघा, ते दिवस दुःखाचेच होते. गेले तर बरंच नाही का?’

मी टेबलावरचं काहीतरी उचललं होतं. काय ते आठवत नाही, जड होतं. ताईने माझं मनगट धरून ते खाली ठेवायला लावलं आणि मला बाहेर आणलं. बाहेर आल्यावर तिने साहेबांचं दार धाडकन ओढून घेतलं. ‘आता मलाही तुझ्यासारखं व्हायला लागलंय,’ म्हणाली.

नोकरी सोड म्हणून मी तिच्या मागे लागले. ती म्हणाली, ‘मी सोडली तर त्या प्रेसवर दुसरी बसेल, आणि तिला कुणी सांगणारही नाही.’ दुसऱ्या दिवशी तिने शिट्टीने दिलेली खुंटी घेतली आणि त्याच्यासमोरच भंगाराच्या पिंपात टाकली. दोन्ही हातांनी दोन्ही बटणं दाबायला लागली. झाकणं कमी पडली. शिट्टी डाफरला. रोज नवी खुंटी यायची, रोज पिंपात जायची. दोन बायकांनी तिचं बघून तसंच केलं. बाकीच्या खाली मान घालून काम करत राहिल्या.

पण इतकी वर्षं खुंटीखाली दाबून राहिलेल्या बटणाची स्प्रिंग मेली होती. ते दाबलं की कधीकधी वर यायचंच नाही. ताईने शिट्टीला सांगितलं, बदलून द्या. शिट्टी म्हणाला, तुमच्याच लाडाचं बटण, तुम्हीच सांभाळा. आणि एक दिवस ताईने पत्रा ठेवायला डावा हात साच्यात घातला, ते बटण अडकलेलंच होतं, आणि दुसऱ्यावर तिच्या उजव्या हाताचं कोपर नुसतं टेकलं.

मला बोलवायला मावशी आली. म्हातारी धावत आली होती, अनवाणी, छातीला हात लावून. ‘चल,’ म्हणाली, ‘ती आत जायच्या आधी चल.’ तिची रीत तिने मोडली, एवढं मात्र मी तिचं कायम मानते.

शेडमध्ये ताई बाकावर बसली होती. हाताला फडकं गुंडाळलेलं, ते भिजून लाल झालेलं. तोंड पांढरं. समोर साहेब, शिट्टी आणि चाकवाला. पाळण्याचं दार सताड उघडं, त्यातून बाहेर येणारा गारवा घोट्यांना लागत होता. साहेब म्हणत होते, ‘वेळ घालवू नका, जितका उशीर तितकं चाक जास्त फिरवावं लागेल.’ ताई नुसती नकाराची मान हलवत होती.

मी तिचा हात बघितला. फडक्यातून जे दिसलं ते बघितलं. आणि खोटं कशाला सांगू, माझा सगळा राग गळून गेला. मीच म्हणाले, ‘ताई, जा आत.’

‘नाही.’

‘जा गं. मी पाया पडते तुझ्या. हात राहील.’

ताईने माझ्याकडे पाहिलं. तिला बोलायला कष्ट पडत होते. ‘आणि मी घरी येऊन आईला हाक मारली की?’ ती म्हणाली. ‘सांगायला कोण असेल दारात?’

मी फडक्याची सुटत आलेली गाठ आवळली.

‘तूच ना?’ ताई म्हणाली. ‘मग नाही. एकदा सांगितलंस तेवढं पुरे झालं. माझी आई एकदाच मेलीय.’ मग साहेबांकडे वळून म्हणाली, ‘गाडी काढा. मला दवाखान्यात जायचंय.’

साहेबांनी घाम पुसला. त्या गारव्यात घाम. शिट्टी प्रथमोपचाराची पेटी आणायला धावला. पेटी उघडली तर आत चहाचे कप. पाळणा आल्यापासून तिचा कुणाला उपयोगच नव्हता. शेवटी मावशीने शेडमधल्या बायकांकडून स्वच्छ फडकी गोळा केली, आणि आम्ही ताईला साहेबांच्या गाडीत घातलं. त्या गाडीच्या मागच्या सीटला रक्ताचा डाग पडला तो अजून निघालेला नाही, असं ऐकते. न निघो.

डाव्या हाताची दोन बोटं गेली, तिसरं अर्धं राहिलं. दवाखान्याने वर कळवलं, कारण त्यांना कळवावंच लागतं, आणि तपासणीला माणसं आली, न सांगता. शिट्टीला खुंट्या गोळा करायला वेळ मिळाला नाही. महिन्याभरात सगळ्या प्रेसना जाळी लागली, बटणं नवी आली, पाळण्याच्या खोलीला कुलूप लागलं. साहेब म्हणे आता भाषणात सुरक्षिततेवर बोलतात. त्यांची जीभ कशी झडत नाही कोण जाणे.

जखम भरल्यावर ताई एकदा फाटकाशी गेली. मी सोबत होते. पाटीवर अजून तोच चार आकडी आकडा, कुणाला हात लावायचा धीर झाला नव्हता. ताई रखवालदाराला म्हणाली, ‘हे खाली घ्या.’ तो म्हणाला, ‘साहेबांना विचारतो.’ ताईने डावा हात वर केला. ‘हा बघून घ्या,’ म्हणाली, ‘मग विचारायची गरज नाही.’ रखवालदाराने शिडी आणली. चारही पत्रे काढले आणि एक शून्य अडकवलं. तो शिडी उतरेपर्यंत ताई बघत राहिली आणि मग घरी निघाली.

त्या दिवसापासून आमच्या घरी बायका यायला लागल्या. ताईकडे, कधी माझ्याकडे. बसायच्या, इकडचं तिकडचं बोलायच्या, आणि उठता उठता विचारायच्या, ‘मी कधी गेले होते का गं पाळण्यात?’ ज्यांना माहीत होतं त्या सांगायला लागल्या. मावशी स्वतः किती वेळा गेली ते तिला तिच्या पलीकडच्या प्रेसवरच्या बाईने सांगितलं. मावशी घरी जाऊन दोन दिवस बाहेर आली नाही. मग आली ती थेट साहेबांच्या दारात जाऊन उभी राहिली, आणि अजून रोज उभी राहते.

परवा संध्याकाळी मी आणि ताई जेवून बसलो होतो. तिचा हात गारठ्याने ठणकत होता, मी शेकत होते. ती म्हणाली, ‘आई गेली तो दिवस सांग मला. पहिल्यापासून.’

मी म्हटलं, ‘सांगायला लावणार नव्हतीस ना?’

‘लावत नाही,’ ती म्हणाली. ‘विचारतेय.’

मग मी सांगितलं. सकाळी आईने काय खाल्लं, ताईने तिचे केस कसे विंचरले, आई कुठल्या बाजूला वळून झोपली होती, सगळं. ताई मधेमधे विचारत होती, जाकीट घातलं होतं का, खिडकी उघडी होती का. जाकीट होतं. खिडकी उघडी होती. मग आईने मला पाणी गरम करायला आत पाठवलं आणि तुला दार लोटायला सांगितलं, असं म्हणून मी थांबले.

ताई वाट बघत होती. ‘पुढे?’ ती म्हणाली.

‘पुढचं तुला माहीत होतं,’ मी म्हटलं.